‘ॲडजॉइंट’ हा शब्द वापरता येईपर्यंत

कॅटेगरी थिअरी म्हणजे वस्तू आणि त्यांना जोडणारे बाण यांच्या भाषेत रचनांचा अभ्यास करणारी गणिताची शाखा; तिच्यातील ‘ॲडजॉइंट फंक्टर’ ही संज्ञा गणिताच्या पदव्युत्तर विद्यार्थ्यांच्या कानावरून केव्हा ना केव्हा जाते. ती स्वतःच्या लेखनात जबाबदारीने वापरण्याची वेळ मात्र थोड्यांवर येते. माझ्यावर ती पीएच.डी.च्या कोर्सवर्कमध्ये आली. मी रत्नागिरी जिल्ह्यातील एका महाविद्यालयात गणित शिकवतो, माझे मार्गदर्शक मुंबईत असतात, आणि आमचा व्यवहार बहुतांशी टिपणे पाठवणे आणि त्यांवरील शेरे परत येणे एवढ्यावर चालतो. या विषयावर टिपण लिहून ते समितीसमोर मांडायचे ठरले, तेव्हा सरांनी आधीच एक अट घातली: हा शब्द ज्या वाक्यात येईल, त्या वाक्यावरून दोन्ही कॅटेगरी, दोन्ही फंक्टर, बाजू (लेफ्ट की राइट) आणि त्यांच्यातील संगतीचे नैसर्गिक असणे या गोष्टी वाचणाऱ्याला सांगता आल्या पाहिजेत. अट ऐकायला किरकोळ वाटली; पुढचे सगळे काम तिच्याभोवतीच फिरले.

व्याख्या तशी थोडक्यात सांगता येते. क आणि ख या दोन कॅटेगरी, म्हणजे वस्तू आणि त्यांच्यामधले एकापुढे एक जोडता येणारे बाण यांचे दोन संग्रह, घ्याव्यात. एका कॅटेगरीतील वस्तू आणि बाण दुसरीत नेणारा, बाणांची जोडणी जपणारा नियम म्हणजे फंक्टर. फ हा क कडून ख कडे जाणारा फंक्टर आणि ग हा ख कडून क कडे येणारा फंक्टर समजावा. क मधली कोणतीही वस्तू अ आणि ख मधली कोणतीही वस्तू ब घेतली असता, फ(अ) पासून ब पर्यंत जाणारे बाण आणि अ पासून ग(ब) पर्यंत जाणारे बाण यांच्यात एकास-एक संगती असेल, आणि ती संगती अ व ब या दोहोंच्या बाबतीत नैसर्गिक, म्हणजे अ किंवा ब बदलताना बाणांच्या जोडणीशी सुसंगत राहणारी, असेल, तर फ हा ग चा लेफ्ट ॲडजॉइंट आणि ग हा फ चा राइट ॲडजॉइंट ठरतो. लिहिताना फ ⊣ ग असे लिहितात. फंक्टर आणि नैसर्गिक रूपांतर या कल्पना सॅम्युएल आयलेनबर्ग आणि सॉन्डर्स मॅकलेन यांच्या १९४५ च्या लेखात आल्या होत्या. ॲडजॉइंटची व्याख्या डॅनियल कान यांनी १९५८ साली दिली, म्हणजे मध्ये तब्बल तेरा वर्षे गेली. कान यांच्या लेखाची सुरुवात होम (दोन वस्तूंमधले बाण एकत्र घेणारी रचना) आणि टेन्सर गुणाकार (दोन वस्तूंपासून तिसरी बनवणारी क्रिया) या जोडीपासून होते, आणि आजही अनेक जण विद्यार्थ्याला पहिले उदाहरण म्हणून हीच जोडी देतात. माझ्या मते ते गैरसोयीचे आहे, कारण टेन्सर गुणाकार कशासाठी आहे हे कळायलाच मुळात ॲडजॉइंटची दृष्टी लागते. म्हणून मी ते उदाहरण मागे ठेवले आणि क्रमित संचांपासून सुरुवात केली.

क्रमित संच ही सर्वांत साधी कॅटेगरी म्हणता येईल: दोन वस्तूंमध्ये जास्तीत जास्त एकच बाण, आणि तोही पहिली वस्तू दुसरीपेक्षा लहान किंवा तिच्याइतकी असेल तरच. येथे संगतीच्या नैसर्गिकपणाची वेगळी तपासणी करावी लागत नाही, त्यामुळे ‘बाजू’ या एकाच गोष्टीकडे लक्ष देता येते. मे महिन्याच्या सुट्टीत मी देवगडला घरी होतो आणि हापूस एकेका डझनाच्या पुठ्ठ्याच्या बॉक्समध्ये भरण्याचे काम चालू होते. मी वडिलांना विचारले, “आबा, शंभर आंब्यांक बॉक्स किती लागतले?” ते मान वर न करता म्हणाले, “नऊ लागतले. पण पुरे भरतले आठच.” त्या एका उत्तरात दोन्ही ॲडजॉइंट आले होते. ‘ड ला १२ ने गुणणे’ हा पूर्णांकांच्या क्रमित संचावरचा फंक्टर घेतला, तर १२ड ≤ न हे तेव्हाच आणि तेव्हाच खरे असते, जेव्हा ड हा न आंब्यांतून पुऱ्या भरणाऱ्या डझनांच्या संख्येइतका किंवा तिच्याहून लहान असतो; म्हणजे ‘पुरे भरणारे डझन’ हा गुणाकाराचा राइट ॲडजॉइंट. उलट न ≤ १२ड हे तेव्हाच आणि तेव्हाच खरे, जेव्हा लागणाऱ्या बॉक्सची संख्या ड इतकी किंवा त्याहून कमी असते. म्हणजे ‘लागणारे बॉक्स’ हा त्याच गुणाकाराचा लेफ्ट ॲडजॉइंट. शंभर आंब्यांना बरोबर पुरे पडणारी डझनांची पूर्ण संख्या अस्तित्वातच नाही. लेफ्ट ॲडजॉइंट वरच्या बाजूने सर्वांत लहान पुरेशी संख्या देतो, राइट ॲडजॉइंट खालच्या बाजूने मावणारी सर्वांत मोठी संख्या देतो, आणि दोहोंना नुसते ‘ॲडजॉइंट’ म्हटले तर आठ की नऊ हेच कळत नाही.

हे उदाहरण मी आणखी एका कारणासाठी बराच वेळ धरून ठेवले. ॲडजॉइंट हा शब्द विश्लेषण (ॲनालिसिस) या गणिताच्या शाखेतून ओळखीचा असतो: हिल्बर्ट अवकाशावरील (आंतरगुणाकार असलेल्या पूर्ण सदिश अवकाशावरील) ट या मर्यादित रेषीय क्रियेची जोडीदार क्रिया ट* अशी असते की ट(क्ष) आणि य यांचा आंतरगुणाकार हा क्ष आणि ट*(य) यांच्या आंतरगुणाकाराइतकाच येतो. आंतरगुणाकाराच्या जागी ‘बाणांचा संच’ ठेवला की फंक्टरांची व्याख्या दिसू लागते, आणि हे साम्य लक्षात ठेवायला उपयोगी आहे. परंतु हिल्बर्ट अवकाशात ट* ची जोडीदार क्रिया पुन्हा ट हीच येते, तर फंक्टरांच्या बाबतीत त्याच दिशेने पुढे गेल्यास आपण मूळ जागी परत येत नाही. ‘पुरे भरणारे डझन’ या फंक्टरचा लेफ्ट ॲडजॉइंट १२ने गुणणे हा आहे. त्याचा राइट ॲडजॉइंट मात्र निराळाच निघतो. पुरे डझन ड पेक्षा जास्त होणार नाहीत, हे न ≤ १२ड + ११ असेपर्यंतच खरे असते; आठ पुऱ्या डझनांच्या मर्यादेत १०७ आंबे बसतात, १०८वा आला की नववा डझन पुरा होतो. म्हणून येथे राइट ॲडजॉइंट ‘१२ड + ११’ आहे, त्याला पुन्हा त्याचा राइट ॲडजॉइंट आहे, आणि पूर्णांकांवर ही साखळी दोन्ही दिशांना संपत नाही. विश्लेषण शिकून आलेल्या वाचकासाठी टिपणात हा परिच्छेद असलाच पाहिजे, असे माझे मत तेव्हाच बनले.

खरी मेहनत नैसर्गिकपणाने घेतली. आषाढात आमच्याकडे वीज आणि मोबाइलचे नेटवर्क बहुधा एकत्रच जातात, त्यामुळे हा भाग व्हिडिओ व्याख्याने न ऐकता वहीत हाताने लिहून काढावा लागला, आणि मला वाटते की तो तसाच समजतो. उदाहरण संच आणि सदिश अवकाश यांचे घेतले. कोणत्याही संचावर मुक्त सदिश अवकाश उभारता येतो, ज्यात त्या संचाचे घटक हाच आधार असतो. उलट दिशेने, सदिश अवकाशाची बेरीज-गुणाकाराची रचना विसरून नुसता संच उरवणारा विस्मरण फंक्टर आहे. मुक्त अवकाशातून कोणत्याही सदिश अवकाशात जाणारी रेषीय फले आणि मूळ संचातून त्या अवकाशाच्या संचात जाणारी साधी फले यांच्यात एकास-एक संगती आहे, हे बी.एस्सी.चा विद्यार्थीही सांगेल, कारण आधारावरील किमती ठरल्या की रेषीय फल ठरते. प्रश्न असा की ‘नैसर्गिक’ हा शब्द येथे काय जास्तीचे सांगतो. दोन संचांतील घटकांची संख्या सारखी असली की त्यांच्यात संगती असतेच. प्रत्येक अ आणि ब साठी आपण वाटेल ती वेगळी संगती निवडू शकलो असतो, आणि त्या निवडींचा एकमेकींशी काहीही संबंध राहिला नसता.

नैसर्गिकपणा ही मोकळीक काढून घेतो. ब च्या जागी फ(अ) हीच वस्तू ठेवावी आणि तिच्यावरील तादात्म्य बाण (तिच्यापासून तिच्याकडेच जाणारा, काहीही न बदलणारा) घ्यावा. संगतीने त्याच्याशी जोडलेला, अ पासून ग(फ(अ)) पर्यंतचा जो बाण मिळतो, त्याला युनिट म्हणतात. आता फ(अ) पासून कोणत्याही ब पर्यंतचा बाण घेतला, तर ब मधील नैसर्गिकपणामुळे त्याची जोडी अशीच मिळाली पाहिजे: आधी युनिट आणि त्यानंतर त्या बाणावर ग लावून आलेला बाण. म्हणजे असंख्य संगती एका युनिटमध्ये सामावतात. सदिश अवकाशांच्या उदाहरणात युनिट म्हणजे संचाचा प्रत्येक घटक आधारसदिश म्हणून मांडणे, दुसरे काही नाही. दुसऱ्या बाजूने हाच विचार केला की कोयुनिट मिळते, आणि युनिट व कोयुनिट यांना जोडणारी दोन त्रिकोणी समीकरणे मिळाली की तीच व्याख्या म्हणूनही चालतात. कागदावर काम करताना मला ही दुसरी व्याख्या अधिक भरवशाची वाटते. तपासायची समीकरणे समोर असतात.

विल्यम लॉव्हीर यांनी १९६९ साली दाखवलेले संख्यापकांचे (‘निदान एक’ आणि ‘प्रत्येक’ या तार्किक शब्दांचे) उदाहरण मी टिपणात थोडक्यात घातले. क्ष आणि य या संचांतील घटकांच्या जोड्यांचा एक उपसंच स घ्यावा. क्ष च्या ज्या घटकांसाठी ‘य चा निदान एक घटक तरी असा आहे की जोडी स मध्ये आहे’ त्यांचा संच लेफ्ट ॲडजॉइंटने मिळतो, आणि ज्यांच्यासाठी ‘य चा प्रत्येक घटक’ चालतो त्यांचा संच राइट ॲडजॉइंटने; मधला फंक्टर क्ष च्या उपसंचाला जोड्यांच्या संचात परत नेणारा. बॉक्सच्या उदाहरणातील नऊ आणि आठ यांची जागा येथे ‘आहे’ आणि ‘प्रत्येक’ यांनी घेतलेली दिसते.

सादरीकरणासाठी कोकण रेल्वेने रात्रीचा प्रवास करून मुंबईला गेलो. समितीचा रोख, अपेक्षेप्रमाणे, ॲडजॉइंट कधी नसतो याकडे होता. सदिश अवकाशांच्या विस्मरण फंक्टरला राइट ॲडजॉइंट आहे का, असे विचारले गेले. नाही: राइट ॲडजॉइंट असता तर विस्मरण फंक्टर स्वतः लेफ्ट ॲडजॉइंट ठरला असता, लेफ्ट ॲडजॉइंट कोलिमिट (वस्तू एकत्र जोडून मिळणाऱ्या रचना) जपतात, म्हणून आरंभिक वस्तूही (जिच्यापासून प्रत्येक वस्तूकडे नेमका एकच बाण जातो ती) जपतात, सदिश अवकाशांतील आरंभिक वस्तू शून्य अवकाश असून त्यात एक घटक आहे, तर संचांतील आरंभिक वस्तू रिक्त संच आहे. पुढचा प्रश्न क्षेत्रांचा, म्हणजे ज्यांत बेरीज, वजाबाकी, गुणाकार आणि शून्य सोडून भागाकार करता येतो अशा रचनांचा, होता. क्षेत्रांकडून संचांकडे येणाऱ्या विस्मरण फंक्टरला लेफ्ट ॲडजॉइंट नाही, कारण त्याने रिक्त संचाला आरंभिक क्षेत्राकडे पाठवले असते, आणि असे क्षेत्र नसते. एकाच क्षेत्रातून दोन घटकांच्या आणि तीन घटकांच्या अशा दोन्ही क्षेत्रांत रचना जपणारे फल जायचे, तर त्याचे अभिलक्षण (१ हा स्वतःत जितक्या वेळा मिळवला की शून्य येते ती संख्या) एकाच वेळी २ आणि ३ असावे लागेल. ‘मुक्त क्षेत्र’ हा शब्दप्रयोग का ऐकू येत नाही, याचे उत्तर एवढेच आहे.

शेवटी चर्चा लेफ्ट ॲडजॉइंट केव्हा असतो हे सांगणाऱ्या पीटर फ्रायड यांच्या प्रमेयावर आली. राइट ॲडजॉइंट लिमिट (कोलिमिटचीच बाण उलटे करून मिळणारी कल्पना) जपतो हे सर्वांना पाठ असते. उलट दिशेने, लिमिट जपणाऱ्या फंक्टरला लेफ्ट ॲडजॉइंट मिळण्यासाठी, त्याची मूळ कॅटेगरी पूर्ण (सर्व लहान लिमिट असलेली) आणि स्थानिक दृष्ट्या लहान (कोणत्याही दोन वस्तूंमधले बाण एका संचात मावतील अशी) असली तरी, सोल्यूशन सेटची अट लागते, म्हणजे लागणारे सगळे बाण एका संचात मावणाऱ्या बाणांतून जावे लागतात. ही अट वगळता येत नाही, हे पूर्ण बूलीय बीजगणितांवरून (‘आणि’, ‘किंवा’, ‘नाही’ या क्रिया कितीही घटकांवर करता येणाऱ्या रचनांवरून) दिसते: तेथील विस्मरण फंक्टर लिमिट जपतो, तरीही त्याला लेफ्ट ॲडजॉइंट नाही, कारण मोजता येण्याजोग्या अनंत जनकांवर मुक्त पूर्ण बूलीय बीजगणित अस्तित्वात नसते. गैफमन आणि हेल्स यांनी हे १९६४ साली स्वतंत्रपणे सिद्ध केले. माझ्या प्रबंधाच्या त्या प्रकरणात म्हणूनच ‘लिमिट जपतो, सबब लेफ्ट ॲडजॉइंट आहे’ असे वाक्य कोठेही नाही. जेथे दावा केला आहे, तेथे एक तर युनिट लिहून दिले आहे, नाही तर सोल्यूशन सेट दाखवला आहे.