सोमवारी कामावर

"पैसे? सोमवारी कामावर जायचा तो!"

डब्लिनच्या बसमध्ये शेजारी बसलेले आजोबा म्हणाले. हातात हर्लिंगची, म्हणजे काठी-चेंडूच्या आयरिश खेळाची, काठी घेतलेला एक मुलगा नुकताच उतरला होता. त्यावरून गप्पा सुरू झाल्या आणि या खेळातल्या हेन्री शेफ्लिनवर आल्या. मी सहज विचारलं, केवढे कमावले असतील त्याने?

शेफ्लिन आयर्लंडमधल्या किल्केनी काउंटीचा. 2000 ते 2014 या काळात 10 ऑल-आयर्लंड (राष्ट्रीय) विजेतेपदं, तीनदा वर्षातला सर्वोत्तम हर्लर. 80 हजारांवर माणसं मावणाऱ्या क्रोक पार्कात खेळायचा आणि पोटासाठी बँकेत नोकरी करायचा. या खेळात पगार नाही. संघ सहसा आपल्या गावावरून, काउंटीवरून ठरतो, लिलाव नाही की बोली नाही.

मला मात्र 2010 सोडत नाहीये. ऑगस्टमध्ये गुडघ्याचा लिगामेंट फाटला. सप्टेंबरात अंतिम सामना, सलग पाचव्या विजेतेपदासाठी. नुसता त्याचा सराव बघायला हजारो लोक मैदानावर आले होते! तो उतरला, पण पंधरा मिनिटांच्या आत बाहेर गेला. किल्केनी हरली. पुढच्याच वर्षी तो परतला आणि जिंकला.

मार्च 2015 मध्ये आपल्या बालीहेल क्लबसोबत राष्ट्रीय क्लब स्पर्धा जिंकली आणि साधारण आठवड्याने किल्केनीच्या जर्सीचा निरोप घेतला.

आजोबांचा आवाज सांगताना भरून आला होता. माझा पहिला प्रश्न पैशांचाच का होता, हे दिवसभर टोचतंय. तुम्ही काय विचारलं असतं?