तुम्ही विचारलंत म्हणून: रॅगटाइमचा आपल्या रागाशी काय संबंध?

काहीच नाही.

मी पियानो शिकवते. रॅगटाइम म्हणजे एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस अमेरिकेत रुजलेलं पियानोसंगीत. घरी आलेल्यांना स्टँडवर स्कॉट जॉप्लिन या रॅगटाइमच्या रचनाकाराचं नोटेशन दिसलं की हा प्रश्न येतोच, आणि विचारणाऱ्याच्या आवाजात थोडी आशा असते. राग आणि रॅग, लिहिताना एका मात्रेचा फरक. कुणीतरी आपलं काही तिकडे नेलं असेल, असं वाटणं साहजिक आहे. पण इंग्रजीत 'रॅग' म्हणजे चिंधी आणि 'रॅग्ड' म्हणजे कडा फाटलेलं. सरळ चालणारी लय फाटकी करून वाजवायची, त्यावरून हे नाव पडलं असं बहुतेक जण मानतात. त्या काळचे वादक कुठलीही ओळखीची चाल घेऊन ती 'रॅग' करत. म्हणजे राग ही स्वरांची गोष्ट आहे आणि रॅग ही लयीवर केलेली कृती. एवढं मनात पक्कं ठेवलंत तरी पुढचं सोपं होईल.

मी मुळात पेटीवर वाढले. आजोबांच्या भजनी मंडळात पेटी वाजवायचे. तिथे डाव्या हाताला भात्याखेरीज काम नसतं. पियानोकडे वळल्यावर काही वर्षांनी जॉप्लिनचा 'मेपल लीफ रॅग' समोर आला, आणि त्या रिकाम्या डाव्या हातावर अचानक सगळ्या घराचा भार पडला. रॅगटाइममध्ये डावा हात ठेका धरतो. खाली खर्जातला एक स्वर, लगेच वर उडी मारून तीन-चार स्वरांचा गुच्छ, पुन्हा खाली, पुन्हा वर. धम्-चक, धम्-चक. त्याने डगमगायचं नाही. आणि उजवा हात त्या ठेक्यावर न पडता त्याच्या फटींमध्ये पडत राहतो.

करून पाहा. एक ते आठ सारख्या अंतराने मोजा. पायाने एक, तीन, पाच, सात या आकड्यांवर ठोका द्या. तो डावा हात. आता टाळी फक्त एक, चार आणि सातवर द्या. चारची टाळी दोन ठोक्यांच्या मधोमध पडते आणि पोटात किंचित ओढल्यासारखं होतं. आठाचे चार-चार असे दोन समान तुकडे पडायचे, तिथे तीन-तीन-दोन पडले. जुन्या रॅगमध्ये असा जोर बहुधा ठोक्याच्या आतच हलवलेला असतो. पुढच्या रॅगमध्ये स्वर ठोका ओलांडून लांबवलेला असतो, म्हणजे जिथे आपण मान डोलवायला तयार असतो तिथे नवा आघात येतच नाही, मागचाच स्वर घुमत असतो. तबल्याचा सोलो ऐकणाऱ्यांना हे लगेच उमजतं. तिथे पेटीवाला लेहरा, म्हणजे एकच धून पुन्हा पुन्हा, धरून बसतो आणि लयीचे खेळ तबला करतो. इथे ठेका खाली स्थिर आहे आणि खेळ चाल करते, तेही एकाच माणसाच्या दोन हातांत. पण हे साम्य समजावण्यापुरतंच. नातं म्हणून ते कुणाला सांगू नका.

कारण या लयीचा जन्म कुठे झाला ते विसरणं मला बरोबर वाटत नाही. १७३९मध्ये अमेरिकेतल्या दक्षिण कॅरोलिनात आफ्रिकी गुलामांनी उठाव केला आणि पुढच्याच वर्षी तिथल्या कायद्याने त्यांच्या ढोलांवर बंदी आणली. ढोलावरून निरोप जातील, माणसं गोळा होतील, ही मालकांची भीती. ढोल गेले तेव्हा मळ्यावरच्या लोकांचं अंगच वाद्य झालं. पायाने ठोका, तळहातांनी मांडीवर आणि छातीवर आडवेतिडवे आघात. या प्रकाराला 'जूबा' म्हणत. खाली स्थिर पाय आणि वर सुटे हात. रॅगटाइमचे दोन हात मला तिथेच दिसतात. जोडीला बँजो होता, आफ्रिकेतल्या तंतुवाद्यांच्या घडणीतून आलेला. आणि 'केकवॉक' होता. गोऱ्या मालकांच्या ऐटबाज चालीची गुलामांनी केलेली नक्कल म्हणजे हा नाच. चांगला नाचेल त्याला केक. पुढे गोरे नट चेहऱ्याला काळं फासून त्याच नाचाची नक्कल करू लागले.

दुसरी बाजू युरोपकडून आली. बँडची मार्च, म्हणजे कवायतीची धून. दोन मात्रांचा ठेका, सोळा-सोळा बारांचे (बार म्हणजे इथे दोन मात्रांचा गट) भाग, प्रत्येक भाग सहसा दोनदा, हा सगळा सांगाडा मार्चचा आहे. 'मेपल लीफ'मध्ये असे चार भाग आहेत. दुसरा भाग झाल्यावर पहिला एकदा परत येतो आणि तिसऱ्याला सूर बदलतो. पेटीवाल्यांना एका वाक्यात सांगते: मध्यमाला सा करायचा. पांढरी एक सोडून पांढरी चारवर गेल्यासारखं नव्हे, कारण मूळ सूर काळ्या पट्टीचे आहेत, पण अंतर तेच. त्या क्षणी खोलीतली एक खिडकी उघडल्यासारखं वाटतं आणि इतक्या वर्षांनीही मला ते प्रत्येक वेळी वाटतं.

एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस अमेरिकेतल्या मिसूरी राज्यात आणि आसपासच्या भागात रेल्वेच्या गावांतून कृष्णवर्णीय पियानोवादक फिरत, दारूच्या गुत्त्यांत आणि क्लबांत वाजवत. १८९७मध्ये सेंट लुइसच्या टॉम टर्पिनचा 'हार्लेम रॅग' छापला गेला. जॉप्लिन मिसूरीतल्याच सेडेलिया गावात होता. त्याचे वडील जन्माने गुलाम, फिडल वाजवणारे. आई बँजो वाजवायची आणि गायची. टेक्सारकाना गावात एका जर्मन शिक्षकाने या पोराला युरोपीय संगीताची गोडी लावली. १८९९मध्ये प्रकाशक जॉन स्टार्कने 'मेपल लीफ रॅग' छापला आणि करारात जॉप्लिनला प्रत्येक प्रतीमागे एक सेंट मिळेल असं ठरलं. एक सेंट कमी वाटेल, पण त्या काळी चाल एकरकमी विकत घेऊन वादकाला मोकळं करण्याचीच रीत होती. याच नोटेशनच्या दुकानांत कृष्णवर्णीयांची कुचेष्टा करणारी गाणीही रॅगटाइम म्हणून विकली जात, मुखपृष्ठावर विद्रूप चेहरे काढून. १९०१मध्ये अमेरिकेतल्या वादकांच्या संघटनेने तर आपल्या सभासदांनी रॅगटाइम वाजवू नये असा ठरावच केला.

आता माझा खरा आग्रह. रॅगटाइम म्हटलं की बहुतेकांच्या कानात सुसाट पळणारा, खुळखुळणारा पियानो असतो. जॉप्लिनला तो मान्य नव्हता. त्याच्या कित्येक प्रकाशित रॅगवर सूचना छापलेली आहे: हे जलद वाजवू नका, रॅगटाइम जलद वाजवणं कधीच बरोबर नसतं. १९०८मध्ये त्याने शिकणाऱ्यांसाठी सहा धड्यांची पुस्तिका काढली, तिथेही सावकाश वाजवण्याचाच धोशा आहे. मला हे पटतं, आणि कारण हाताला कळतं. लय वाढवली की चारची ती टाळी पाचला चिकटते, फट बुजते. मग उरते नुसती गडबड. मध्य लयीत वाजवला की प्रत्येक रॅगमधली उदासी वर येते.

जॉप्लिनने ऑपेराही लिहिले. १९०३च्या पहिल्याचं नोटेशन हरवलं ते हरवलंच. दुसरा 'ट्रीमोनिशा', १९११मध्ये त्याने पदरच्या पैशाने छापला. शिकलेली एक कृष्णवर्णीय मुलगी आपल्या लोकांना अंधश्रद्धेतून बाहेर काढते, अशी त्याची गोष्ट. १९१५मध्ये न्यूयॉर्कच्या हार्लेम वस्तीत वाद्यवृंदाशिवाय, नेपथ्याशिवाय एक प्रयोग झाला, पियानोवर तो स्वतः होता. लोकांनी उचलून धरला नाही. १ एप्रिल १९१७ला तो न्यूयॉर्कच्या मनोरुग्णालयात वारला आणि त्याच्या कबरीवर १९७४पर्यंत नावाचा दगड नव्हता. पुलित्झरचा खास सन्मान १९७६चा. त्याच्या हातचं ध्वनिमुद्रण एकही नाही, यंत्राच्या पियानोसाठी भोकं पाडलेले कागदाचे काही रोल तेवढे आहेत, तेही १९१६मधले, आजारपणातले.

कुठून ऐकू, हा तुमचा पुढचा प्रश्न. पियानोवादक जोशुआ रिफकिनने १९७०मध्ये केलेलं ध्वनिमुद्रण घ्या. त्यातला 'मेपल लीफ' आधी लावा आणि पहिल्यांदा ऐकताना उजव्या हाताकडे लक्षच देऊ नका, पायाने फक्त डावा हात धरा. दोन-तीनदा ऐकलंत की उजवा आपसूक वेगळा ऐकू येईल. मग १९०९चा 'सोलेस' लावा. त्यात डावा हातसुद्धा झुलतो. त्या वेळी शेजारी कुणी बोलत नसेल तर बरं.