मीठुं पाणी

कच्छच्या छोट्या रणात मला मोकळी फ्रेम हवी होती. खाली भेगाळलेली जमीन, वर आभाळ आणि मध्ये एकटा अगरिया, म्हणजे मीठ पिकवणारा. १९७३ पासून हे घुडखरांचं, म्हणजे रानगाढवांचं अभयारण्य आहे, जवळपास ५,००० चौरस किलोमीटर, त्यामुळे माणसांची अडचण होणार नाही असा माझा हिशोब. खाराघोड्यावरून आत शिरलो तर जिकडे कॅमेरा लावावा तिकडे सोलर पॅनल, मोटारसायकल, नाहीतर दोरीवर वाळणारी साडी. पहिला दिवस चिडण्यात गेला. दुसऱ्या दिवशी घुडखरं दिसली, तिसऱ्या दिवशी वाऱ्यानं साउंडची वाट लावली. चौथा दिवस मात्र डोक्यातून जात नाही.

ज्या कुटुंबाकडे शूटिंग चाललं होतं, त्यांच्या पाट्यात सकाळपासून दाताळं फिरत होतं. पाटा म्हणजे मिठाचा वाफा. जमिनीखालचं खारं पाणी पंपानं त्यात सोडायचं, उन्हात आटू द्यायचं आणि तळाचा थर दाताळ्यानं हलवत राहायचं, तेव्हा कुठे वडागरू मिठाचे टपोरे खडे धरतात. पाऊस ओसरल्यावर मांडलेला हा संसार उन्हाळ्यापर्यंत. पुढच्या पावसात सगळं पाण्याखाली. मी शहाण्यानं ट्रायपॉड थेट पाट्यात रोवला. दुपारी काढला तर सांध्यांवर पांढरा लेप, पेच फिरेना, फिरलाच तर करकर.

झोपडीबाहेर निळं पिंप होतं. मी मग बुडवला, तशा आतून बा लगबगीनं आल्या. "भाई, ए तो मीठुं पाणी छे!"

मला वाटलं, सावध करतायत. पाणी मिठाचं आहे, सामान खराब होईल. "चालेल बा, धुवायलाच हवंय," म्हणत मी चार मग ओतले. चार! एकेक सांधा उघडून, अगदी हौसेनं. बा पदर तोंडाशी धरून बघत राहिल्या.

संध्याकाळी ड्रायव्हरनं उलगडा केला. गुजरातीत मीठुं म्हणजे मीठ खरंच, पण मीठुं पाणी म्हणजे गोडं पाणी. प्यायचं. ते टँकरनं येतं आणि पुढचा टँकर कधी, हे त्या घरात कुणालाच ठाऊक नव्हतं.

रणात जाताना पाणी बरोबर न्या, असं सगळे सांगतात. मी नेलं होतं की! जीपमध्ये २० लिटरचे दोन कॅन होते. प्यायचं पाणी धुण्यात कशाला घालवा, म्हणून ते काढले नव्हते.

दोन्ही कॅन घेऊन गेलो. बांनी एक पिंपात रिता करून घेतला, दुसऱ्याला हात लावला नाही. चहा टाकला. बशी पुढे करताना ट्रायपॉडकडे बघून विचारलं, "धोवाई गयुं?"

टोमणा होता की चौकशी, कळलं नाही. मी मान डोलावली. खरं तर एक पाय अजून करकरतच होता.