तेच गाणं दुसऱ्यांदा रेकॉर्ड केलं तेव्हा

माझं पहिलं गाणं पूर्णपणे माझं नाही, हे मला ते प्रसिद्ध होऊन वर्ष उलटल्यावर कळलं. शब्द माझे, चाल माझी, गिटार मी वाजवलेली, आवाजही माझाच. पण एका छोट्या कंपनीने स्टुडिओचा खर्च उचलला होता आणि तिच्या करारावर मी न वाचता सही केली होती. जाहिरातीसाठी कुणीतरी ते गाणं मागितलं. मी आनंदाने हो म्हणाले, आणि मग समजलं की हो म्हणायचा अधिकार माझ्या एकटीकडे नाही.

वकिलाने करार वाचून सांगितलं ते मला आधी माहीत असायला हवं होतं. गाण्यात दोन वेगवेगळे हक्क असतात. एक रचनेचा, म्हणजे शब्द आणि चाल यांचा. दुसरा त्या विशिष्ट रेकॉर्डिंगचा, ज्याला या क्षेत्रात मास्टर म्हणतात. रचना माझ्याकडेच होती, मास्टर मी देऊन बसले होते. आणि तेच गाणं दुसरीकडे रेकॉर्ड करायला 3 वर्षांची मनाई होती. ती संपली की मी नव्याने रेकॉर्ड करू शकत होते, आणि ते मास्टर माझं असणार होतं.

ती 3 वर्षं मी कार्यक्रमांत ते गाणं गात राहिले, आणि तिथे दुसरीच गोष्ट उघडी पडली. गाणं मी रात्री, दार लावून, हलक्या आवाजात लिहिलं होतं. ई कॉर्ड हाताला सोपी, मोकळ्या तारा छान घुमतात, म्हणून पट्टी तीच ठरली. गळ्याला कुणी विचारलंच नव्हतं. ड्रम्सच्या आवाजावर मुखड्याचा वरचा सूर लावताना तो ताणला जायचा. सलग तीन कार्यक्रम झाले की चौथ्याला घसा बसलेला.

कॅपोने, म्हणजे गिटारच्या मानेवर तारा दाबून बसवायच्या चिमट्याने, पट्टी फक्त चढवता येते. मला उतरवायची होती, आणि मोकळ्या तारांचा तो घुमारही सोडायचा नव्हता. म्हणून सगळ्या सहा तारा एकेक पूर्ण स्वर खाली उतरवल्या. जाड ई तारेची वारंवारता 82 हर्ट्झवरून 73 वर आली. गळा सुटला, पण गिटार बिघडली. तारेचा ताण वारंवारतेच्या वर्गाच्या प्रमाणात बदलतो, त्यामुळे तो जवळपास एक पंचमांशाने कमी झाला होता. तारा फ्रेटवर, म्हणजे मानेवरच्या धातूच्या आडव्या सळ्यांवर, खडखडायच्या, जोरात छेडलं की सूर क्षणभर वर जाऊन खाली यायचा. मग 10 च्या सेटऐवजी थोड्या जाड तारांचा 11 चा सेट चढवला. जाडीमुळे ताण जवळजवळ पूर्वीइतका झाला. मानेच्या टोकाला तारा जिच्यावर टेकतात त्या नटच्या खाचांत जाड तारा अडकत होत्या, म्हणून त्या खाचा कानसून घेतल्या. मग बाराव्या फ्रेटवरचा हार्मोनिक (तारेला न दाबता नुसता स्पर्श करून निघणारा सूर) आणि दाबलेला सूर जुळेपर्यंत एकेक सॅडल, म्हणजे दुसऱ्या टोकाचा तारेचा टेकू, मागेपुढे करत बसले. त्यात एक अख्खी दुपार गेली. संध्याकाळी मुखडा गायले तेव्हा पहिल्यांदाच वरच्या सुरावर थांबता आलं.

रेकॉर्डिंग त्या मानाने सरळ झालं. क्लिकवर, म्हणजे कानात वाजणाऱ्या लयीच्या ठोक्यांवर, आधी ड्रम्स आणि बास, मग गिटार दोनदा वाजवून एक डावीकडे, एक उजवीकडे. एकदाच वाजवलेल्याची नक्कल दोन्हीकडे लावून हे साधत नाही, आवाज नुसता मधोमध मोठा होतो. दोन वेळच्या वाजवण्यातला बारीक फरकच गाणं रुंद करतो.

या वेळी स्टुडिओतून निघण्याआधी कागद केला. बासवाल्या मित्राने अंतऱ्यानंतरच्या तुकड्याची चाल बदलली होती आणि ती माझ्यापेक्षा चांगली होती, म्हणून रचनेत त्याचे 15 टक्के लिहिले. वाजवणाऱ्या प्रत्येकाचं मानधन आणि मास्टर माझ्या नावावर असल्याची संमती, दोन्ही लिहून सह्या घेतल्या. मैत्रीत हे मागायला जीभ अडखळते, पण मागायचंच. गाणं चाललं नाही तर तो कागद कुणी पाहत नाही. चाललं तर त्याशिवाय मैत्री टिकणं अवघड जातं.

गाणं ऑनलाइन सेवांवर पोहोचवणाऱ्या डिस्ट्रिब्युटरचा फॉर्म भरताना एका रकान्याशी थांबले. प्रत्येक रेकॉर्डिंगला आयएसआरसी नावाचा, अक्षरं आणि अंक मिळून 12 चिन्हांचा कोड असतो. गाणं तेच असलं तरी रेकॉर्डिंग नवीन, म्हणून कोडही नवीन. जुना घातला असता तर दोन रेकॉर्डिंगचा हिशोब एकमेकांत मिसळला असता. (उलट तेच रेकॉर्डिंग दुसऱ्या डिस्ट्रिब्युटरकडे नेताना कोड जुनाच ठेवायचा.) गीतकाराच्या रकान्यात मंचावरचं नाव न लिहिता कागदोपत्री असलेलं पूर्ण नाव लिहिलं, कारण रॉयल्टी गोळा करणाऱ्या संस्थेत माझी नोंद त्याच नावाने आहे.

जुनं रेकॉर्डिंग अजून आहे, आणि आजही तेच जास्त ऐकलं जातं. मुखड्यातला ताणलेला सूर मला लगेच ओळखू येतो. गेल्या महिन्यात एका लघुपटासाठी नव्या रेकॉर्डिंगची विचारणा आली. करार पाच पानांचा होता. मी दोन दिवस मागून घेतले, मुदत आणि वापराची व्याप्ती या दोन कलमांत बदल सुचवले. ते मान्य झाले, तेव्हा सही केली.