फॅरेडेची कडी, तिसरा महिना: काटा हलला, आणि मग लोखंडाने पण काहीतरी सांगितलं

नमस्कार मंडळी. मागच्या लॉगमध्ये डॅनिश शास्त्रज्ञ ओर्स्टेडपर्यंत आलो होतो, म्हणजे तारेतून करंट सोडला की शेजारचा होकायंत्राचा काटा तारेला आडवा व्हायला बघतो ते. १८२० मधली गोष्ट. तो प्रयोग घरी करायला पाच मिनिटं लागतात, एक सेल, हातभर तार, झालं. मग मनात तोच प्रश्न येतो जो तेव्हा युरोपातल्या सगळ्यांच्या मनात आला होता, की विजेपासून चुंबक होतं तर चुंबकापासून वीज का नाही? आणि या प्रश्नाचं उत्तर सापडायला तब्बल अकरा वर्षं लागली, हे मला शाळेत कोणी सांगितलं नव्हतं. पुस्तकात दोन्ही गोष्टी लागोपाठच्या पानांवर असतात त्यामुळे वाटतं की आज हे सापडलं, उद्या ते सापडलं.

तर या महिन्यात कडी. २९ ऑगस्ट १८३१ ला लंडनच्या रॉयल इन्स्टिट्यूशनमध्ये मायकेल फॅरेडेने जी वापरली तिची आपल्या परीने नक्कल. त्याने डायरीत मापं लिहून ठेवलीत म्हणून बरं. मऊ लोखंडाची कडी, बाहेरून ६ इंच व्यास, जाडी ७/८ इंच. एका बाजूला तांब्याच्या तारेचे तीन तुकडे, प्रत्येकी साधारण २४ फूट, समोरच्या बाजूला मिळून ६० फूट. तेव्हा इनॅमलची (वरून करंट अडवणारा लेप दिलेली) तार मिळत नव्हती, त्यामुळे उघड्या तारेच्या दोन वेढ्यांमध्ये सुतळी आणि दोन थरांमध्ये कापड घालत घालत त्याने हे सगळं हाताने गुंडाळलं. आधी पुस्तकबांधणीच्या दुकानात उमेदवारी केलेला माणूस, हाताला ती सवय असणारच.

मऊ लोखंडाची कडी कुठून आणायची यावर दोन आठवडे गेले. भंगारात बेअरिंगच्या रिंगा मिळतात पण ते कडक पोलाद, उपयोग नाही. शेवटी बांधकामावर सळया बांधायला जी काळी बायंडिंग तार वापरतात ती आणली. ती तापवून मऊ केलेली असते, हातानं सहज वळते, आणि आपल्याला तेच पाहिजे. एका १२ सेंटिमीटरच्या डब्याभोवती साधारण २०० वेढे मारले, डबा काढून घेतला आणि कडी कॉटन टेपने घट्ट बांधली. वजन अर्ध्या किलोच्या आसपास भरलं. हातात घेतली की चांगली भरीव लागते, आणि तारांच्या मधून टेप कसा आवळत जातो ते बघताना फॅरेडेच्या त्या सुतळीची आठवण होतेच.

तांब्याची तार आमच्याकडच्या रिवाइंडिंगच्या दुकानातून. विहिरीच्या मोटारी भरतात ते. त्यांना म्हटलं वीस मीटर द्या, तर म्हणाले "मीटरवर नाय देत, किलोवर घ्या." अर्धा किलो २६ गेजची घेतली, ती तीनशे मीटरच्या वर भरते, म्हणजे आता वर्षभराची सोय झाली. कशाला पाहिजे विचारलं, सांगितलं, तर त्यांनी काउंटरवरच एक टोक ब्लेडने खरवडून दाखवलं, "इनॅमल असं चारी बाजूनी गेलं पाहिजे, तांबं गुलाबी दिसलं पाहिजे, नुसतं पिळ मारून करंट जात नाय." हा सल्ला ज्यांना हे करायचंय त्यांनी लिहून ठेवा. इनॅमलचा रंग तांब्यासारखाच असतो, डोळ्याला कळत नाही.

पहिल्या बाजूला २०० वेढे, समोर ६० वेढे. दोन्हीच्या मध्ये दोन बोटं मोकळी जागा सोडली, म्हणजे तारेचा तारेशी कुठेही संबंध नाही. गॅल्व्हॅनोमीटर (करंट आला की सुई हलवून दाखवणारं यंत्र) विकत घेतला नाही, होकायंत्राभोवती त्याच तारेचे २० वेढे मारून ते समोरच्या ६० वेढ्यांना जोडले की झाला. ऑनलाइन मागवलेलं होकायंत्र तेल भरलेलं निघालं, त्यात काटा फार हळू फिरतो, छोटा झटका दिसतच नाही. शेवटी शाळांना प्रयोगाचं सामान पुरवणाऱ्या दुकानातलं साधं कोरडं होकायंत्र घेतलं, ते उत्तम. बॅटरी इमर्जन्सी दिव्यातली ६ व्होल्टची. (पहिल्या वेटोळ्यातून चारेक अँपियर जातात, तेव्हा सेकंदभरच जोडायची, नाहीतर तार तापते.)

पहिल्या दिवशी काटा हलला! जोडली की हलला, आणि जोडून ठेवली तर तिकडेच राहिला. खूप आनंद झाला, पण रात्री विचार करताना लक्षात आलं की हे चुकीचं आहे, तो तिकडेच *राहायला* नको. होकायंत्र कडीपासून एक वीत अंतरावर होतं, म्हणजे ते कडीच्या चुंबकत्वानेच सरळ ओढलं जात होतं, दुसऱ्या वेटोळ्यातल्या करंटने नाही. दुसऱ्या वेटोळ्याचं एक टोक सोडून बघितलं तरी काटा तसाच हलला, म्हणजे पक्कंच. फॅरेडेने स्वतःची सुई कडीपासून ३ फूट लांब ठेवली होती, डायरीत तसं स्पष्ट लिहिलंय, मी ते वाचून पुढे गेलो होतो.

मग लांब तारा जोडून होकायंत्र दोन मीटरवर नेलं, लोखंडी टेबलावरून उचलून लाकडी स्टुलावर ठेवलं, मोबाइल दुसऱ्या खोलीत. आता बॅटरी जोडायची, मान वळवून काट्याकडे बघायचं, काटा शांत. परत जोडायची, परत बघायचं, शांत. तासभर हेच.

इथे मला जिनिव्हाचा शास्त्रज्ञ कोलाडों आठवला. १८२५ मध्ये, फॅरेडेच्या सहा वर्षं आधी, तो वेटोळ्यात चुंबक सरकवून करंट येतो का बघत होता. चुंबकाचा सुईवर थेट परिणाम नको म्हणून त्याने गॅल्व्हॅनोमीटर दुसऱ्या खोलीत ठेवला, म्हणजे काळजी अगदी बरोबर घेतली. चुंबक आत घालायचं, चालत दुसऱ्या खोलीत जायचं, सुई बघायची. तोपर्यंत सुई परत जागेवर आलेली असायची. करंट येत होता, रोज येत होता, फक्त तो यायच्या क्षणाला तिथे कोणी नव्हतं. मला हे वाचून खरंच वाईट वाटतं. माणूस जागेवर होता, सामान बरोबर होतं.

आमच्याकडे पुतणी आली होती, आठवीत आहे, तिला स्टुलासमोर बसवलं आणि सांगितलं की डोळे काट्यावरून काढायचे नाहीत. मी बॅटरी जोडली आणि ती ओरडली, "काका, हलली! परत आली पण!" तोडली, तर "आता उलट्या बाजूला!" तेवढंच. जोडताना एकीकडे, तोडताना दुसरीकडे, आणि मधे बॅटरी जोडलेली असताना काहीच नाही, काटा शून्यावर. सगळी मेख या "काहीच नाही" मध्ये आहे. सगळे लोक शोधत होते सतत वाहणारा करंट, कारण ओर्स्टेडच्या प्रयोगात करंट सतत असतो आणि सुई सतत वळलेली असते, मग उलटही तसंच असणार असं वाटणं साहजिक आहे. पण चुंबकत्व नुसतं असून भागत नाही, ते *बदलावं* लागतं. बदल चालू आहे तोवर करंट, बदल थांबला की संपलं. फॅरेडेलाही लगेच खात्री नव्हती, २३ सप्टेंबरला त्याने मित्राला लिहिलं की काहीतरी चांगलं हाती लागलंय असं वाटतं, पण मासा आहे की नुसतं शेवाळ ते वर ओढल्यावर कळेल. १७ ऑक्टोबरला त्याने कागदाच्या नळीवर वेटोळं करून त्यात चुंबकाची कांडी आत बाहेर केली, आणि मग शंका राहिली नाही.

आता माझ्यासाठी या महिन्यातली सगळ्यात भारी गोष्ट, जी मी शोधायला गेलो नव्हतो. पुतणीला आकडे लिहायला सांगितले होते. पहिल्यांदा बॅटरी जोडली तेव्हा काटा ३५ अंश गेला. तोडली तेव्हा उलट बाजूला, पण १५ च. परत जोडली, १५. तोडली, १५. म्हणजे तो पहिला ३५ परत येईचना. वाटलं बॅटरी उतरली, पण व्होल्टेज ठीक होतं. जोडणी तपासली, ठीक. मग सहज बॅटरीच्या वायरी उलट्या लावून जोडली, तर काटा ५५ गेला. दोन दिवस डोक्यात हेच.

उत्तर कडीत होतं. बॅटरी तोडली तरी लोखंड सगळं चुंबकत्व सोडत नाही, आणि कडी बंद आहे, टोकं नाहीत, त्यामुळे तर फारच धरून ठेवतं. आता हिशोब बघा. कोऱ्या कडीत शून्यापासून ३५ पर्यंत चढलं. तोडल्यावर १५ उतरलं, म्हणजे २० आतच राहिलं. परत जोडलं की २० पासून ३५, म्हणजे १५. उलटं जोडलं की आधी ते २० पुसायचं आणि मग उलट्या दिशेने ३५ चढायचं, २० आणि ३५, ५५! कागदावर ही बेरीज जुळली तेव्हा मी उठून परत कडीकडे जाऊन बघत बसलो. बाहेरून काही दिसत नाही, टाचणी पण चिकटत नाही कारण सगळं आतल्या आत गोल फिरतंय. पण मागच्या वेळी करंट कुठल्या दिशेने गेला होता ते त्या बायंडिंग तारेच्या लक्षात आहे, आणि काट्याच्या झटक्यावरून ते वाचता येतं. याला हिस्टेरिसिस म्हणतात हे माहीत होतं, आलेख पण काढलेला कॉलेजात, पण स्वतःच्या हाताने गुंडाळलेल्या कडीत बघणं वेगळं. कडी परत कोरी करायची असेल तर बॅटरी उलटसुलट करत दरवेळी करंट थोडा थोडा कमी करत न्यायचा, मी ते एका रिओस्टॅटने (करंट कमीजास्त करायचं साधन) केलं आणि पहिला झटका परत ३४ आला.

एक अवांतर. लोखंडी टेबल आणि मोबाइलमुळे माझा काटा भरकटला, तर हीच अडचण मुंबईत एका अख्ख्या वेधशाळेला आली होती. कुलाब्याला १८४० च्या दशकापासून पृथ्वीच्या चुंबकत्वाची मोजणी चालायची. २ सप्टेंबर १८५९ च्या प्रचंड सौर वादळात तिथे पृथ्वीच्या चुंबकत्वाचं आडवं क्षेत्र सुमारे १६०० नॅनोटेस्लाने (चुंबकीय क्षेत्र मोजायचं एकक) खाली गेल्याची नोंद आहे. आपल्याकडे हे क्षेत्र ३८ हजारांच्या आसपास असतं, म्हणजे जवळजवळ चार टक्के, आणि त्या वादळाच्या ज्या थोड्या नोंदी जगात आहेत त्यात ही फार मोलाची मानतात. नंतर मुंबईत विजेच्या ट्राम येणार असं ठरलं, आणि ट्रामचा करंट जमिनीतून पसरला की सुया नाचणार हे उघड होतं. तेव्हाचे संचालक नानाभाई मूस यांनी मोजणी अलिबागला हलवली. १९०४ पासून अलिबाग सुरू झालं, दोन वर्षं दोन्हीकडे एकदम मोजून आकडे जुळवले, म्हणजे साखळी तुटायला नको, आणि मग १९०७ ला ट्राम धावली. इमारतींमध्ये लोखंड टाळलं होतं. हे सगळं आधीच विचार करून केलं याचं मला फार कौतुक वाटतं. ती वेधशाळा आजही चालू आहे.

पुढचा टप्पा: फिरती चकती. फ्रेंच शास्त्रज्ञ आरागोने १८२४ मध्ये दाखवलं होतं की तांब्याची चकती फिरवली की वर टांगलेली चुंबकसुई तिच्या मागे फिरायला लागते, तांबं चुंबकाला चिकटत नाही तरीसुद्धा. कारण कोणालाच सांगता येईना. २८ ऑक्टोबर १८३१ ला फॅरेडेने मोठ्या चुंबकाच्या तोंडात चकती फिरवून तिच्यातून सतत वाहणारा करंट काढला, म्हणजे अकरा वर्षं सगळे शोधत होते तो. पुण्याच्या तांबट आळीतून २० सेंटिमीटरची, दीड मिलिमीटर जाडीची चकती सांगितलीये, मधोमध भोक पाडून. चुंबक जुन्या हार्ड डिस्कमधले आहेत. माझी अडचण आहे ती चकतीच्या कडेला घासत राहणाऱ्या संपर्काची. व्होल्टेज अगदीच कमी असणार, त्यामुळे मिक्सरच्या कार्बन ब्रशचा स्वतःचा रेझिस्टन्सच सगळं खाऊन टाकेल असं वाटतंय. तांब्याची पातळ पट्टी वाकवून टेकवायची की पितळी जाळी, कोणी करून बघितलं असेल तर जरूर सांगा, चकती शनिवारी हातात येतेय.