थर्मामीटर लावला तरी कुठे?

सोसायटीच्या गणपतीत एकदा मला बळेच उभं केलं आणि मी वैश्विक पार्श्वप्रारणावर, म्हणजे विश्वाच्या बालपणापासून उरलेल्या, आकाशभर पसरलेल्या क्षीण किरणांवर, वीस मिनिटं बोललो. तेव्हापासून लिफ्टमध्ये, भाजीवाल्याकडे एकच प्रश्न: "काका, विश्वाचं तापमान उणे २७० अंश म्हणालात. पण थर्मामीटर लावला कुठे?" ठाण्याच्या वागळे इस्टेटमध्ये तापमापकं कॅलिब्रेट करण्यात माझी बावीस वर्षं गेली, त्यामुळे हा प्रश्न मला हसण्यावारी नेता येत नाही.

तुम्ही विचारलंत म्हणून सांगतो. कोरोनात वॉचमन कपाळासमोर गन धरायचा, आठवतंय? ती कपाळाला टेकत नसे. अंगातून निघणारे किरण पकडून आकडा सांगे. इथेही तेच. विश्व ३,८०,००० वर्षांचं असताना साधारण ३००० केल्विनपर्यंत निवलं (केल्विन म्हणजे उणे २७३ सेल्सियसला शून्य धरून मोजलेले अंश), अणू जमले आणि अडकून पडलेला प्रकाश मोकळा सुटला. विश्व त्यानंतर अकराशे पट ताणलं गेलं, लहरीही ताणल्या गेल्या. तोच प्रकाश आज मायक्रोवेव्ह होऊन चहूकडून येतो, तेच हे पार्श्वप्रारण.

पण गन खरं बोलते कशावरून? आपल्या गेटवरची तर भर मे महिन्यात सगळ्यांना ९४ दाखवायची. आमच्याकडे गन आली की आम्ही ती आधी ठाऊक तापमानाच्या ब्लॅक बॉडीसमोर, म्हणजे तापमानाबरहुकूम किरण सोडणाऱ्या काळ्या वस्तूसमोर, धरतो. तो आमचा मास्टर. मोजणं म्हणजे शेजारी मास्टर ठेवून ताडून बघणं.

आर्नो पेन्झियास आणि रॉबर्ट विल्सन यांनी न्यू जर्सीतल्या होल्मडेलला १९६४ साली हेच केलं. बेल लॅब्स या टेलिफोन कंपनीच्या प्रयोगशाळेचा शिंगाच्या आकाराचा अँटेना आणि द्रव हीलियमने गार ठेवलेला मास्टर, आलटूनपालटून. मग वाण्याच्या वहीसारखा हिशेब. अँटेना माथ्यावरच्या आकाशाकडे धरला की एकूण ६.७ केल्विनइतके किरण. त्यातले वातावरणाचे २.३, अँटेनाचे स्वतःचे आणि जमिनीकडून झिरपणारे मिळून ०.९. बाकी ३.५, आणि ते कुणाच्याच नावावर नाहीत.

कबुतरांची गोष्ट सगळ्यांना आवडते. अँटेनात कबुतरांनी घरटं केलं होतं, यांनी ती हाकलली, घाण धुतली. प्रत्येक डक्टला जाळी ठोकलेल्या ठाणेकरांना यात नवल ते काय! मला महत्त्वाचं वाटतं ते हे, की धुऊन, पत्र्याच्या जोडांवर ॲल्युमिनियमची पट्टी चिकटवूनही बाकी उरलीच आणि त्यांनी ती 'किरकोळ' म्हणून खोडली नाही. साडेतीनात एक कमी-जास्त, असं लिहून १९६५ मध्ये छापली. ती बाकी म्हणजेच हे पार्श्वप्रारण. असं सर्टिफिकेट मी दिलं तर गिऱ्हाईक तोंडावर फेकेल. त्यांना १९७८ चं नोबेल मिळालं, आणि रास्तच मिळालं.

आपल्या येऊरच्या डोंगरावरून हे मोजणं जमेल का, असंही कुणी विचारतं. या प्रारणाचा जोर एक-दोन मिलिमीटरच्या लहरींत असतो आणि तिथे नेमकी हवेतली वाफ आडवी येते. खाडीकाठच्या आपल्या हवेत कपडे वाळत नाहीत, हे कुठून दिसणार? म्हणून लोक अटाकामाच्या वाळवंटात जातात, दक्षिण ध्रुवावर जातात, नाहीतर थेट वर.

वर गेलेल्यांत माझा जीव जडलाय तो नासाच्या कोबे उपग्रहावरच्या, हेच प्रारण मोजणाऱ्या फिरास या उपकरणावर. नोव्हेंबर १९८९ मध्ये ते उडालं. त्याच्या कर्ण्याच्या तोंडात अधूनमधून एक बूच सरकत येई: लोखंडाची भुकटी मिसळलेल्या इपॉक्सीचा शंकू, आत थर्मामीटर. तोच मास्टर. आकाश बघा, बूच बघा, फरक काढा. थर्मामीटर लावला होता तो तिथे, त्या बुचात.

यावर तिसऱ्या मजल्यावरच्या वहिनी म्हणाल्या, "मग त्या बुचातला थर्मामीटर कोणी तपासला?" आमचा ऑडिटर दरवर्षी हेच विचारतो. १९९६ मध्ये या उपकरणाच्या नोंदींवरून २.७२८ केल्विन हा आकडा दिला होता. बुचाच्या थर्मामीटरांचा हिशेब पुन्हा लावल्यावर १९९९ मध्ये तो २.७२५ झाला. विश्व तीन वर्षांत गार झालं नव्हतं. मास्टरचं सर्टिफिकेट सुधारलं होतं.