सहा इंची दुर्बिणीतून 61 सिग्नीचे अंतर मोजताना: माझा अनुभव

हंस तारकासमूहात डेनेब, सद्र आणि एप्सिलॉन सिग्नी हे तीन ठळक तारे धरले, तर समांतरभुज चौकोनाचा चौथा कोपरा रिकामा भासतो. अंधाऱ्या आकाशात त्या जागी एक फिकट ठिपका दिसतो, तोच 61 सिग्नी. शहरातून तो नुसत्या डोळ्यांनी दिसत नाही. सह्याद्रीतल्या एखाद्या पठारावर, चंद्र नसताना दिसतो. दुर्बिणीतून पाहिले की त्याचे दोन नारिंगी तारे होतात: एक 5.2 प्रतीचा, दुसरा 6.0 प्रतीचा (प्रत हे तेजाचे माप, आकडा मोठा तितका तारा फिकट), मध्ये सुमारे 32 आर्कसेकंदांचे अंतर (आर्कसेकंद म्हणजे अंशाचा 3600वा भाग). जर्मन खगोलशास्त्रज्ञ बेसेलने कोनिग्सबर्गला 1838 मध्ये याच जोडीचा पराशय मोजून प्रसिद्ध केला. पृथ्वी सूर्याभोवती फिरते, त्यामुळे जवळचा तारा मागच्या ताऱ्यांच्या मानाने वर्षभरात मागेपुढे सरकलेला दिसतो; त्या सरकण्याच्या निम्मा कोन म्हणजे पराशय, आणि त्यावरून अंतर निघते. त्याचे उत्तर 0.314 आर्कसेकंद होते, गाया उपग्रहाचे 0.286 आहे. हे मोजमाप घरच्या सामानात होते. मात्र त्याला वर्ष लागते आणि तारखा नीट निवडाव्या लागतात.

आधी तारखांबद्दल, कारण निम्मे काम तिथेच आहे. ताऱ्याचा भोग, म्हणजे सूर्याच्या वार्षिक मार्गाच्या दिशेने मोजलेले आकाशातले रेखांश, सुमारे 337 अंश आहे. सूर्य त्याच्यापासून 90 अंशांवर असतो तेव्हा पराशयामुळे होणारे सरकणे सर्वांत जास्त असते, म्हणजे 28 मे आणि 29 नोव्हेंबरच्या आसपास. पावसाळा या दोन तारखांच्या मध्ये येतो. तारा मध्यरात्री डोक्यावर असतो तो ऑगस्टमध्ये, आणि तेव्हा आपल्याकडे ढगच असतात. पण पराशयासाठी तो काळ नाहीतरी निरुपयोगीच. महाराष्ट्रातल्या निरीक्षकाला इतका सोयीचा तारा क्वचितच मिळतो.

मेच्या शेवटी पहाटे सव्वाचारला तारा याम्योत्तर वृत्तापासून (डोक्यावरून जाणाऱ्या दक्षिणोत्तर रेषेपासून) तासभर पूर्वेला, सुमारे 66 अंश उंचीवर असतो. नोव्हेंबरच्या शेवटी मात्र अंधार पडेपर्यंत तो दोन तास पश्चिमेला कललेला असतो. म्हणून मी दुसरे सत्र नोव्हेंबरच्या पहिल्या आठवड्यात घेतो. तेव्हा पराशयाचा 91 टक्के भाग मिळतो आणि सव्वासातला तारा याम्योत्तर वृत्ताच्या जवळच असतो. दिवाळी त्या आठवड्यात आली तर धुराच्या रात्री वाया जातात, तेवढी सवड ठेवावी. तिसरे सत्र पुढच्या मेमध्ये. ते टाळता येत नाही, कारण ताऱ्याची निजगती, म्हणजे आकाशातली त्याची स्वतःची चाल, पराशयापेक्षा कितीतरी मोठी आहे आणि ती वजा करायला एकाच तारखेची दोन वर्षांची मोजमापे लागतात.

सामान असे: 150 मिलिमीटरची न्यूटोनियन दुर्बीण, नाभीय अंतर 1200 मिलिमीटर, विषुववृत्तीय माउंट, 2.9 मायक्रॉन पिक्सेलचा कृष्णधवल कॅमेरा आणि लाल फिल्टर. एक पिक्सेल जवळजवळ 0.5 आर्कसेकंदाचा येतो, म्हणजे जोडीतले अंतर सुमारे 64 पिक्सेल. एक्स्पोजर 0.1 सेकंद, 600 फ्रेमचा एक संच, रात्री दहा संच, सत्रात किमान चार रात्री. प्रत्येक संचातल्या चांगल्या तिसऱ्या हिश्श्याच्या फ्रेम ठेवून त्या एकावर एक रचायच्या.

एक्स्पोजर वाढवायचा मोह होतो, कारण मागचे संदर्भ तारे दहाव्या-अकराव्या प्रतीचे असतात. पण मुख्य ताऱ्याचे पिक्सेल भरून वाहिले की त्याचा मध्य चुकतो, आणि पुढे कितीही फ्रेम रचल्या तरी ती चूक जात नाही. सर्वांत उजळ पिक्सेल त्याच्या क्षमतेच्या 70 टक्क्यांच्या खाली ठेवावा. संदर्भ तारे रचलेल्या चित्रात आपोआप वर येतात. तारा प्रत्येक सत्रात चित्राच्या त्याच भागात, मध्याजवळ ठेवावा, म्हणजे न्यूटोनियनच्या कोमामुळे (कडेचे तारे शेपटीसारखे ताणणाऱ्या दोषामुळे) येणारी ओढ सगळीकडे सारखी राहते.

पहिल्या प्रयत्नात मी फिल्टर लावला नव्हता. मेची सत्रे मध्यरात्रीनंतर लवकर आणि नोव्हेंबरची महिनाअखेरीस घेतली होती. उत्तर 0.4 च्या जवळ आले. दोष वातावरणाचा होता. 61 सिग्नी नारिंगी आहे, संदर्भ तारे बहुतेक त्याहून निळे. लाल प्रकाश वातावरणात कमी वाकतो, त्यामुळे आपला तारा इतरांच्या मानाने क्षितिजाकडे सरकलेला दिसतो. मेमध्ये तो पूर्वेला असतो, म्हणून पूर्वेकडे सरकतो; नोव्हेंबरमध्ये पश्चिमेकडे. पराशयही त्याला नेमका तसाच हलवतो! एका बाजूची चूक 0.1 आर्कसेकंदाच्या घरात असली तरी ती सरळ उत्तरात मिसळते, आणि आकड्यांवरून कळत नाही. 600 नॅनोमीटरच्या वरचाच प्रकाश घेतला आणि तारा याम्योत्तर वृत्ताजवळ धरला, की ती बरीचशी जाते. या कामात मी इतर कशाहीपेक्षा फिल्टरला जास्त महत्त्व देतो.

चित्राची जुळणी गायाच्या तारकासूचीशी करायची. संदर्भ ताऱ्यांची निजगती लावून घ्यावी आणि 61 सिग्नीचे दोन्ही घटक जुळणीतून वगळावेत. हे विसरले तर मोठा घोळ होतो. सूचीतली जागा 2000 सालची असेल, तर 2026 पर्यंत तारा तिथून सव्वादोन कलांहून (कला म्हणजे अंशाचा साठावा भाग) जास्त सरकलेला असतो आणि सॉफ्टवेअर भलत्याच ताऱ्याला त्याचे नाव देते. किमान आठ संदर्भ तारे घ्यावेत.

आता हिशेब. ठळक घटकाची जागा उत्तरेकडून पूर्वेकडे 62 अंशांच्या दिशेने मोजायची, कारण भोग त्या दिशेने वाढतो. निजगतीची दिशा 52 अंश आहे, म्हणजे दोन्ही जवळजवळ एकाच रेषेत येतात. दोन मेमधला फरक 5.2 आर्कसेकंद यायला हवा. तो निजगतीचा वार्षिक हिस्सा. 28 मे ते 5 नोव्हेंबर या 161 दिवसांत तारा सुमारे 1.75 आर्कसेकंद सरकतो आणि पुढच्या 204 दिवसांत 3.45. निजगती एकटीच असती तर हे आकडे 2.29 आणि 2.91 असते. उरलेले 0.55 हे पराशयाचे काम. त्याला 1.91 ने (मेचा पूर्ण 1 आणि नोव्हेंबरचा 0.91) भागले की पराशय मिळतो. भागाकार 2 ने करू नये, कारण नोव्हेंबरचे सत्र टोकाच्या तारखेला घेतलेले नाही. दिवसही नेमके मोजावेत. सहा महिने धरून चालत नाही. दुसऱ्या घटकाचा हिशेब वेगळा करावा. त्याची निजगती थोडी कमी आहे, पण पराशय तोच यायला हवा. ही सर्वांत चांगली पडताळणी. दोन्हींत 0.05 हून जास्त फरक पडला, तर बहुधा एखादा संदर्भ तारा स्वतःच जोडतारा निघतो किंवा ठळक घटक भरून वाहिलेला असतो.

1 ला 0.286 ने भागले की अंतर 3.5 पार्सेक, म्हणजे 11.4 प्रकाशवर्षे. अंतर हाती आले की बाकीचे भराभर येते. निरपेक्ष प्रत, म्हणजे 10 पार्सेकवरून दिसली असती ती, 7.5 आणि 8.3. दृश्य प्रकाशात ठळक घटक सूर्याच्या नऊ टक्क्यांहून कमी तेजस्वी ठरतो. पण 4,400 केल्व्हिनचा तारा बराच प्रकाश अवरक्तात टाकतो. तो धरला की एकूण तेज 15 टक्के होते. हा फरक विसरून त्रिज्या काढली तर ती चुकते. तेज आणि तापमान यांवरून त्रिज्या सूर्याच्या 0.67 पट येते, आणि व्यतिकरणमापकाने (अनेक दुर्बिणींचा प्रकाश एकत्र आणणाऱ्या उपकरणाने) थेट मोजलेला आकडाही तेवढाच आहे. दुसरा घटक 4,050 केल्व्हिनच्या आसपास, त्रिज्या 0.6.

वस्तुमानासाठी कक्षा लागते आणि ती एका माणसाच्या आयुष्यात मोजून होत नाही. परिभ्रमणकाळ सुमारे 680 वर्षांचा. जोडीचा कोन सहा वर्षांत जेमतेम एक अंश बदलतो. मी आधी प्रसिद्ध झालेल्या कक्षेचा अर्धदीर्घाक्ष (लंबवर्तुळाच्या लांब अक्षाचा निम्मा भाग) 24.5 आर्कसेकंद घेतो. 3.5 पार्सेकवर तो 86 खगोलीय एकक, म्हणजे पृथ्वी-सूर्य अंतराच्या 86 पट होतो. त्याचा घन करून 680 च्या वर्गाने भागले की दोघांचे मिळून वस्तुमान सूर्याच्या 1.4 पटीच्या थोडे खाली येते. अंतर घनात जाते, म्हणून पराशयातली पाच टक्के चूक इथे पंधरा टक्के होते.

जोडीच्या सापेक्ष हालचालीत आणखी बारीक काही शोधताना जपावे. 1942 मध्ये खगोलशास्त्रज्ञ काय (Kaj) स्ट्रँड यांनी फोटोंच्या मोजमापांवरून इथे गुरूच्या सोळापट वस्तुमानाचा अदृश्य सोबती जाहीर केला होता. पुढच्या अचूक मोजमापांत तो सापडला नाही. आपल्या तीन सत्रांत 0.02 आर्कसेकंदाची तफावत दिसली, तर आधी त्या रात्रीचा फोकस आणि फिल्टरची नोंद पाहावी.